सुपूर्दनामा

बडोद्यात राहून मराठी आणि गुजरातीत ये-जा करणाऱ्या अनुवादकाकडे कादंबऱ्या कमी आणि कागद जास्त येतात. खरेदीखतं, मृत्युपत्रं, शाळा सोडल्याचे दाखले, कोर्टाचे हुकूम. तौलनिक साहित्यात एम.ए. करताना असं काही मनात नव्हतं, पण वीस वर्षांत या कागदांनी मला भाषेबद्दल पुष्कळ शिकवलं आहे. हा लेख अशाच एका कागदामुळे लिहिते आहे.

काही वर्षांपूर्वी नंदुरबारकडचे एक गृहस्थ ओळखीतून ओळख काढत घरी आले. वय पन्नाशीचं, सोबत कॉलेजात जाणारा पुतण्या. प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये तीन गुजराती कागद होते : पंचनामा, उच्च न्यायालयाच्या हुकमाचा गुजराती गोषवारा आणि बंधपत्राचा मसुदा. त्यांची पिकअप गाडी गुजरातेत पकडली गेली होती. भाजीच्या क्रेटखाली दारूची खोकी निघाली. ते स्वतः गाडीत नव्हते, ड्रायव्हर होता. तो जामिनावर सुटून कधीच गावी परतला होता. गाडी मात्र सव्वा वर्ष ठाण्याच्या आवारात उभी होती. आता ती देण्याचा हुकूम झाला होता आणि सही करण्याआधी मसुदा नीट समजून घ्या, असं वकिलांनी बजावलं होतं.

"ताई, बाकीचं राहू द्या," ते म्हणाले, "गाडी सुटली, एवढं खरं ना? मग विकायला मोकळी?" कर्जाचे हप्ते थकले होते आणि धुळ्याला एक गिऱ्हाईक तयार होतं.

माझ्या तोंडात 'हो' आलंच होतं. आपण म्हणतोच तसं : गाडी सोडवली, गाडी सुटली. पण कागदावर तसं नव्हतं. तिथे होतं 'वचगाळानो कबजो', म्हणजे मधल्या काळापुरता ताबा. खाली अटी होत्या : खटला संपेपर्यंत गाडी विकायची नाही, दुसऱ्याच्या नावावर करायची नाही, तिचं रूप बदलायचं नाही आणि कोर्टानं बोलावलं की आणून उभी करायची. मी 'हो' म्हटलं असतं तर ते धुळ्याला गेले असते आणि स्वतःच्याच बंधपत्रात अडकले असते.

"सुटली नाही," मी म्हटलं. "तुमच्याकडे सांभाळायला दिली आहे."

ते माझ्याकडे बघत राहिले. "माझीच गाडी, मला सांभाळायला?"

त्यांचा प्रश्न मला बरेच दिवस पुरला. दारूच्या कायद्याखाली धरलेली वाहनं कोर्ट परत देतं तेव्हा नेमकं काय देतं? आणि ती परत मिळेपर्यंत ती कोणाची असतात?

आधी शब्दांकडे बघते, कारण माझी सवय तीच. या व्यवहारातला जवळजवळ प्रत्येक शब्द फारसी-अरबीतून आला आहे आणि देशभर थोड्याफार फरकानं तोच चालतो. 'मुद्देमाल' म्हणजे ज्यावर दावा आहे तो माल. आपण वादात 'मुद्दा' मांडतो तोही त्याच घरातला. 'जामीन' हा मुळात माणूस होता, हमी देणारा. मराठीत आणि गुजरातीत तो हळूहळू सुटकेचंच नाव झाला. महाराष्ट्रातल्या कोर्टात मुद्देमाल परत घेताना 'सुपूर्दनामा' लिहून देतात. दिल्ली-पंजाबकडे याच शब्दाची 'सुपरदारी' होते, बिहारात 'जिम्मानामा' चालतो. सुपूर्द म्हणजे सोपवलेलं, जिम्मा म्हणजे जबाबदारी. यातल्या एकाही शब्दाचा अर्थ सुटका असा नाही. हे शब्द रुळवणाऱ्यांना नक्की ठाऊक होतं की माल एका हातातून दुसऱ्या हातात जातो, तेव्हा त्याच्या पाठोपाठ जबाबदारीही जाते.

'जप्त' आणि 'सरकारजमा' यांतही असंच अंतर आहे. जप्त म्हणजे धरून ठेवलेलं, मालकी अजून ज्याची त्याची. सरकारजमा म्हणजे मालकीच गेली. दुसऱ्या अर्थासाठी गुजरातीत 'खालसा' हा शब्द सर्रास वापरतात. मराठी वाचकाच्या कानाला तो विचित्र लागतो. आपल्याकडे खालसा होतात ती संस्थानं. १८४८ मध्ये डलहौसीनं साताऱ्याचं राज्य खालसा केलं, हे आपण शाळेत पाठ केलेलं असतं. त्या कागदात मी पहिल्यांदा वाचलं की गाडीसुद्धा खालसा होऊ शकते. मनात आलं, ज्याची एकच गाडी आहे त्याचं राज्य तेवढंच असतं.

आता कायदा. गुजरात आणि महाराष्ट्र १ मे १९६० ला वेगळे झाले, पण दारूचा कायदा दोघांचा एकच राहिला : तेव्हाच्या मुंबई राज्याचा १९४९ चा दारूबंदी कायदा. त्याच्या मागे इंग्रजांचा १८७८ चा अबकारी कायदा होता. त्यानं गावोगावच्या भट्ट्या बंद करून दारू सरकारच्या उत्पन्नाची बाब केली होती. १९३९ मध्ये बाळासाहेब खेरांच्या मंत्रिमंडळानं मुंबई शहरात दारूबंदी आणली आणि स्वातंत्र्यानंतर ती राज्यभर झाली. १९५१ मध्ये बलसारा खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं काही तुकडे रद्द करून बाकीचा कायदा कायम ठेवला. पुढे दोन भावंडांनी एकच पुस्तक दोन तऱ्हांनी वाचलं. महाराष्ट्रानं परवान्यांची दारं उघडली. रस्त्यारस्त्यावर दिसणाऱ्या 'परमिट रूम' या पाट्या त्याच कायद्याची आठवण आहेत. गुजरातनं बंदी टिकवली. नावातही फरक आहे. मराठीत 'दारूबंदी', गुजरातीत 'नशाबंधी'.

या १९४९ च्या कायद्यात एक कलम आहे ९८. बेकायदा दारू सापडली की ती ज्या भांड्यात, ज्या खोक्यात होती ते सरकारजमा होण्यास पात्र. आणि ती वाहून नेणारी जनावरं, गाड्या, होड्या, इतर वाहनंही तशीच पात्र. कायदा लिहिणाऱ्यांच्या डोळ्यांपुढे बैलगाडी आणि गाढव होतं हे उघड दिसतं. पण त्याच कायद्यात मालकासाठी एक फटही ठेवलेली आहे. गुन्हा होऊ नये म्हणून आपण योग्य ती काळजी घेतली होती, असं मालकानं कोर्टाला पटवून दिलं तर त्याची वस्तू त्याला परत मिळावी.

जनावर धरण्याची जुनी रीत आपल्याला माहीत आहे. कोंडवाड्याचा कायदा १८७१ चा. दुसऱ्याच्या पिकात शिरलेली गाय कोंडवाड्यात जाते, मालक दंड आणि वैरणीचा खर्च भरून ती सोडवतो, सात दिवसांत कोणी आलं नाही तर लिलावाच्या हालचाली सुरू होतात. हा कायदा दयाळू होता असं मी म्हणणार नाही. पण गाय रोज खाते, हंबरते, दूध आटतं, मरतेही. तिला वर्षभर कोंडून ठेवणं कोणालाच परवडत नव्हतं. ट्रक खात नाही. त्याची बॅटरी उतरते, टायरला भेगा पडतात, पावसाळ्यात पत्रा सडतो, सुटे भाग एकेक करून नाहीसे होतात. हे सगळं आवाज न करता होतं, म्हणून कोणाला घाई नसते.

वस्तूलाच दोषी धरण्याची कल्पना मात्र आपल्या एकट्याची नाही. इंग्लंडात माणसाच्या मृत्यूला कारण झालेली वस्तू, मग ते गाडीचं चाक असो की बैल, राजाकडे जमा होत असे. रेल्वे आली, अपघातांत माणसं मरू लागली, इंजिनांची किंमत मोजायची वेळ आली आणि १८४६ मध्ये ही प्रथा रद्द झाली. अमेरिकेत दारूबंदीच्या काळात सरकारनं थेट मोटारींवर खटले भरले. १९२६ च्या एका खटल्याचं नावच 'संयुक्त संस्थानं विरुद्ध एक फोर्ड कूपे मोटारगाडी' असं आहे. त्याआधी १९२१ मध्ये एका हडसन गाडीचा निकाल लागला होता. विक्रेत्यानं ती हप्त्यांवर विकली होती, मालकी स्वतःकडे ठेवली होती आणि घेणाऱ्यानं तिच्यातून कर न भरलेली दारू नेली. विक्रेत्याला काहीच माहीत नव्हतं, हे मान्य होऊनही गाडी गेली. निकालात त्या जुन्या इंग्लिश प्रथेची आठवण काढलेली आहे. गंमत म्हणजे १९१९ च्या अमेरिकी दारूबंदी कायद्यात निरपराध मालकाला वाट ठेवलेली होती, पण हा निकाल जुन्या महसुली कायद्याखाली झाला. कोणत्या कलमाखाली गाडी पकडली यावर मालकाचं नशीब ठरायचं. हे वाचताना मला आपला देश परका वाटेना.

आपल्याकडे या प्रश्नाला वेगळी वाट मिळाली ती वस्तूच्या दोषाचा वाद बाजूला ठेवून. फौजदारी प्रक्रियेच्या संहितेत, १८९८ च्या जुन्या संहितेला नंतर जोडलेल्या एका कलमात आणि पुढे १९७३ च्या नव्या संहितेत कलम ४५१ म्हणून, एक साधी तरतूद आहे : खटला चालू असेपर्यंत मालाच्या योग्य ताब्याची व्यवस्था न्यायालयानं करावी, तो नाशवंत असेल किंवा अन्यथा सोयीचं असेल तर विकायला सांगावं. या 'योग्य ताबा' शब्दांतून पुढचं सगळं निघालं.

१९७७ मधला सर्वोच्च न्यायालयाचा एक निकाल आहे. पूर्वीच्या म्हैसूर राज्यातल्या एका बाईच्या घरी चोरी झाली, दागिने सापडले, कोर्टापुढे आले आणि सांभाळायला पोलीस ठाण्यात ठेवले गेले. तिथून ते पुन्हा नाहीसे झाले. माल आता उरलाच नाही, मग द्यायचं काय, हा प्रश्न होता. न्यायालयानं सांगितलं की ताबा घेतला तेव्हा सांभाळण्याची जबाबदारीही घेतली. योग्य काळजी घेतल्याचं सरकारला दाखवता येत नसेल तर किंमत द्यावी लागेल. बाईला दहा हजार रुपये देण्याचा हुकूम झाला. सरकारनं तिला सुपूर्दनामा लिहून दिलेला नव्हता. न्यायालयानं तो लिहिलेला आहे असं धरलं, अशी मी त्या निकालाची गोळाबेरीज करते.

दुसरा निकाल १ ऑक्टोबर २००२ चा. वकील त्याला नुसतं 'सुंदरभाई' म्हणतात. पूर्ण नाव सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य. देशातल्या कोणत्याही कोर्टात गाडी सोडवण्याचा अर्ज उघडा, हे नाव बहुधा सापडेल. मूळ प्रकरणात गाडी सोडवू पाहणारा कोणी गरीब मालक असेल, अशी माझी समजूत होती. प्रत्यक्षात अर्जदार सुरतेतले पोलीस कर्मचारी होते आणि आरोप होता की ठाण्यात जमा झालेल्या किमती वस्तू बदलून तिथे नकली वस्तू ठेवल्या, रकमांचा अपहार केला, जप्त मालाचा परस्पर लिलाव केला. हा आरोप समोर ठेवून न्यायालयानं मूळ रोगाकडे पाहिलं : माल इतका काळ ठाण्यात पडून राहतोच का?

मग सूचना दिल्या. सविस्तर पंचनामा करा, फोटो काढा, बंधपत्र आणि हमी घ्या आणि माल मालकाला द्या. ठाण्यात तो पंधरा दिवस ते महिनाभर, त्याहून जास्त नको. वाहनं वर्षानुवर्षं आवारात उभी करण्यात काही अर्थ नाही. मालक आणि विमा कंपनी दोघांनीही गाडी नेली नाही तर तिचा लिलाव करा. याच निकालात दारूचा वेगळा उल्लेख आहे : नमुना तपासणीला पाठवा, बाकीच्या साठ्याची विल्हेवाट लावा, ठाण्यात दारूचा मोठा साठा करू नका. म्हणजे ज्या निकालावर देशभर गाड्या घरी जातात तो गुजरातमधून आला आणि त्यात दारूचाही विचार झालेला होता.

आणि नेमकं गुजरातेतच त्याचं दार दारूच्या गाड्यांसाठी बंद झालं. २०११ मध्ये 'मुंबई' जाऊन कायद्याचं नाव 'गुजरात' झालं आणि त्याच सुमारास कलम ९८ मध्ये एक ओळ वाढली : ठरवून दिलेल्या प्रमाणापेक्षा जास्त दारू सापडली असेल तर अंतिम निकाल लागेपर्यंत वाहन बंधपत्रावर किंवा हमीवर सोडायचं नाही. डिसेंबर २०१७ मध्ये गुजरात उच्च न्यायालयानं स्पष्ट केलं की या ओळीमुळे खालच्या न्यायदंडाधिकाऱ्याला असं वाहन मधल्या काळात देण्याचा अधिकार उरत नाही. मग मालकांनी उच्च न्यायालयाचा रस्ता धरला. तिथे घटनेनं दिलेल्या अधिकारात गाड्या परत मिळू लागल्या आणि त्या हुकमांत पुन्हा सुंदरभाईचाच आधार घेतला जाऊ लागला. जी गोष्ट तालुक्याच्या कोर्टात एका अर्जावर व्हायची, तिच्यासाठी अहमदाबाद गाठावं लागू लागलं. माझ्याकडे आलेल्या गृहस्थांचं सव्वा वर्ष याच रस्त्यावर गेलं.

महाराष्ट्राच्या कायद्यात ही ओळ नाही. सीमेच्या अलीकडे आणि पलीकडे एकाच १९४९ च्या कायद्याखाली पकडलेल्या दोन गाड्यांची नशिबं त्यामुळे वेगळी झाली.

इतर राज्यांनी कोर्टाऐवजी कलेक्टर पुढे केला. मध्य प्रदेशात पन्नास लिटरची रेघ आहे. तिच्यापलीकडे वाहन सरकारजमा करण्याचा निर्णय जिल्हाधिकाऱ्याकडे जातो. बिहारात एप्रिल २०१६ मध्ये संपूर्ण शराबबंदी आली, वर्षअखेरीच्या आत नवा कायदाही आला आणि त्यात जप्त वाहनांचा निकाल जिल्हाधिकाऱ्याकडे देऊन कोर्टांचा हात आखडला गेला. पाटणा उच्च न्यायालयात वाहनमालकांच्या रिट अर्जांची रीघ लागली. शेवटी २०२२ च्या दुरुस्तीनं दंड भरून वाहन सोडवण्याची सोय झाली. कोंडवाड्याची जुनी रीत, दंड भरा आणि घेऊन जा, दीडशे वर्षांनी ट्रकसाठी परत आली, असं मला त्यात दिसतं.

दुसरी बाजू मी हलकी मानत नाही. वर्धा, गडचिरोलीत दारूबंदी आहे. चंद्रपुरात २०१५ ते २०२१ होती. त्यामागे गावोगावच्या बायकांची चळवळ आहे. 'बाटली आडवी' करण्यासाठी ज्यांनी रांगेत उभं राहून मत दिलं, त्यांना गावात दारू आणणारी गाडी पकडली गेल्यावर काय वाटत असेल, ते समजण्यासाठी कायदा वाचावा लागत नाही. सुटलेली गाडी महिन्याभरात पुन्हा त्याच धंद्याला लागते, ही पोलिसांची तक्रारही खोटी नाही. ड्रायव्हरला पैसे देऊन बदलता येतं, गाडी गेली की धंद्याला झळ लागते, हा विचार २०११ च्या त्या ओळीमागे असणार.

पण या विचारात एक गफलत आहे. जो धंदा करतो त्याला एक गाडी गेल्यानं फरक पडत नाही. तो नुकसान आधीच हिशेबात धरतो. ज्याची एकुलती एक गाडी दुसऱ्यानं वापरली, त्याला मात्र गुन्हा सिद्ध होण्याआधी पूर्ण शिक्षा होऊन जाते. धंदेवाला कोण आणि फसलेला कोण, हे ठरवण्याचं काम न्यायाधीशाचं. त्याच्या हातातून तेच काढून घेतलं तर दोघे एकाच रांगेत उभे राहतात. आणि शेवटी गाडी निर्दोष ठरली तरी परत मिळतो तो सांगाडा. सरकारला गाडी अडवण्याचा हक्क आहे यात मला शंका नाही. ती कुजवण्याचा हक्क त्या हक्कात येतो का, एवढाच प्रश्न आहे. १९७७ च्या निकालानं त्याचं उत्तर दिलेलं आहे, पण त्या बाईसारखं सर्वोच्च न्यायालयापर्यंत जाणार कोण?

वर्तमानपत्रातली बातमी आठवून पाहा. सिंधुदुर्गात गोवा बनावटीची दारू पकडली की मथळा असतो : इतक्या लाखांचा मुद्देमाल जप्त. आत वाचलं तर दारू काही हजारांची आणि बाकी किंमत गाडीची. आकडा मोठा दिसतो तो गाडीमुळे. पंचनाम्यात लिहिलेली तीच किंमत पुढे बंधपत्रात येते. माझ्या पाहुण्यांच्या मसुद्यातही तेच होतं. हमी पंचनाम्यातल्या किमतीची, म्हणजे चालत्या गाडीची. हातात येणार होती ती सव्वा वर्ष उन्हापावसात उभी असलेली. पंचनाम्याच्या दिवशी गाडीची जी किंमत धरली त्याला ते बांधील होते, पण गाडी कोणत्या अवस्थेत परत द्यायची याला कोणी बांधील नव्हतं.

१ जुलै २०२४ पासून १९७३ च्या संहितेची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेनं घेतली. तिच्या कलम ४९७ मध्ये मुदती घातल्या आहेत. माल कोर्टापुढे आल्यावर चौदा दिवसांत त्याचं वर्णन तयार करायचं, फोटो काढायचे, गरज असेल तर चित्रीकरण करायचं आणि त्यानंतर तीस दिवसांत त्याचं काय करायचं ते ठरवायचं. २००२ ची सूचना बावीस वर्षांनी कायदा झाली. पण दारूच्या खास कायद्यांतल्या बंदीच्या ओळी तिच्यासमोर अजून उभ्या आहेत.

त्या दिवशी मी त्यांना मसुद्यातली एकेक अट मराठीत लिहून दिली. 'वचगाळानो कबजो' याला काय म्हणावं यावर थोडी अडले. 'अंतरिम ताबा' बरोबर होतं, पण त्यांना कळलं नसतं. शेवटी लिहिलं : 'खटला संपेपर्यंत सुपूर्द.' त्यांनी तो शब्द लगेच ओळखला. त्यांच्या वडिलांनी एकदा चोरीला गेलेली बैलजोडी याच शब्दावर सही करून ठाण्यातून घरी आणली होती. "बैल मात्र ठाण्यात चार दिवसांत निम्मे झाले होते," ते म्हणाले.

धुळ्याचं गिऱ्हाईक त्यांनी फोन करून परत पाठवलं. आठवड्यानं पुतण्याचा फोन आला. गाडी ताब्यात मिळाली होती, पण सुरू होत नव्हती. दुसऱ्या गाडीला दोरानं बांधून ओढत नेणार होते. कागदावर सही करताना काकांनी तिथल्या कारकुनाला विचारलं होतं, की आम्ही सांभाळायचं लिहून दिलं, तसं तुमच्याकडून काही लिहून मिळतं का? कारकून हसला म्हणे.